युनिक्स इतिहासासकट शिकवणाऱ्या आमच्या सरांना

आदरणीय सर,
सा. न. वि. वि.

सदाशिव पेठेतल्या आमच्या वाचनालयाच्या संगणक कक्षातली जुनी मशीन आज डेबियनवर, म्हणजे युनिक्सच्या धर्तीवरच्या लिनक्स या सिस्टिमच्या एका मोफत संचावर, चालतात. शाळकरी मुलं त्यांवर सी आणि पायथन शिकतात, ज्येष्ठ सभासद मराठीत लेख टाइप करतात, ग्रंथसूचीचं काम होतं. हे सगळं तुम्ही उभं करून दिलंत आणि आभाराची गोष्ट निघाली की विषय बदललात. म्हणून हे जाहीर पत्र. पुण्यातल्या कितीतरी शाळांच्या आणि मंडळांच्या माळ्यावर असेच संगणक धूळ खात पडलेत. तुम्ही लिहून दिलेल्या वहीतलं थोडं त्यांच्याही कामी यावं, हाही हेतू आहे.

आभार नेमके कशाचे, ते आधी सांगतो. सिस्टिम टाकून देणारे पुष्कळ भेटतात. तुम्ही मात्र प्रत्येक कमांड, प्रत्येक फोल्डर, प्रत्येक एरर कोणत्या अडचणीतून जन्माला आला ते सांगितलंत. ऐकताना ही माहिती वरकड वाटते. मशीन अडलं की कळतं, कारण तिथेच असतं.

घड्याळाचंच घ्या. वहीत सगळ्यात जास्त पानं त्यालाच आहेत, आणि ते योग्यच आहे. मदरबोर्डवरचा सीआर २०३२ सेल संपला की बंद मशीनचं घड्याळ बायोसच्या (मशीन उठवणाऱ्या प्रोग्रॅमच्या) मूळ तारखेवर जाऊन बसतं. त्यानंतर ज्या तक्रारी येतात, त्यांत घड्याळाचं नावही नसतं. ब्राउझर म्हणतो, साइटचं सर्टिफिकेट अजून लागू झालेलं नाही. प्रोग्रॅम उतरवणारं ॲप्ट म्हणतं, रिलीज फाइल अजून वैध नाही. बूट होताना फाइलसिस्टिम तपासणारी कमांड म्हणते, शेवटचं माउंट भविष्यात झालंय. तिन्हींचं मूळ एकच. पण माणूस आधी नेटवाल्याला फोन लावतो, मग अख्खी सिस्टिम नव्याने टाकतो, आणि पुढच्या वेळी मशीन चालू केलं की पुन्हा तेच. तुमचा नियम साधा होता: काहीही चमत्कारिक दिसलं की सगळ्यात आधी ‘डेट’ टाइप करा. तारीख चुकलेली दिसली तर सेल मल्टिमीटरवर बघा. नवा सेल तीन व्होल्टच्या थोडा वर दाखवतो; २.७ च्या खाली गेला असेल तर बदलायचा. तपकीर गल्लीत तो चहाबिस्किटाच्या पैशांत मिळतो.

सेलवाचून काही दिवस काढायचे असतील, तर सिस्टिमडीचा टाइमसिंकडी हा वेळ जुळवणारा प्रोग्रॅम शेवटची माहीत असलेली वेळ डिस्कवर जपून ठेवतो आणि घड्याळाला तिच्या मागे जाऊ देत नाही. पण उन्हाळ्याच्या सुट्टीत महिनाभर बंद राहिलेलं मशीन महिनाभर मागेच उठतं. नेट लागलं की वेळ सुधारते, कारण नेटवरून वेळ आणणाऱ्या साध्या एनटीपीला सर्टिफिकेट लागत नाही. तरीही सुधारली नाही, तर संस्थेच्या फायरवॉलवर यूडीपीचं १२३ नंबरचं पोर्ट बंद आहे का ते बघायचं. बहुतेक वेळा तेच असतं.

घड्याळ बरोब्बर साडेपाच तासांनी चुकलं, तर मात्र सेलचा काही दोष नाही. एकाच मशीनवर विंडोज आणि लिनक्स दोन्ही असले की हे होतं. विंडोज हार्डवेअर घड्याळात स्थानिक वेळ लिहितं, लिनक्स यूटीसी, म्हणजे जागतिक प्रमाणवेळ, लिहितं. विंडोजमधून लिनक्समध्ये आलं की वेळ साडेपाच तास पुढे, लिनक्समधून विंडोजमध्ये गेलं की तेवढीच मागे. लिनक्सला स्थानिक वेळ वापरायला सांगता येतं, पण विंडोजच्या रजिस्ट्रीत रिअलटाइमइजयुनिव्हर्सल ही नोंद १ करून त्यालाच यूटीसीवर आणायचं, हा तुमचा सल्ला जास्त टिकाऊ आहे.

आणि मग तुम्ही या घड्याळाचा जन्म सांगितलात. एटीअँडटीची बेल लॅब्ज १९६९ मध्ये मल्टिक्स प्रकल्पातून बाहेर पडली आणि केन थॉम्प्सननी एका पडून असलेल्या पीडीपी-७ संगणकावर युनिक्स ही स्वतःची छोटी सिस्टिम लिहायला घेतली. डेनिस रिची सोबत होते. १९७१ च्या नोव्हेंबरातल्या पहिल्या मॅन्युअलमध्ये वेळ १ जानेवारी १९७१ पासून मोजलेली आहे, आणि तीही सेकंदाच्या साठाव्या भागात. बत्तीस बिटांत असे भाग सव्वादोन वर्षांतच संपतात. ही अडचण लिहिणाऱ्यांनी त्याच मॅन्युअलमध्ये बग म्हणून नोंदवूनही ठेवली होती. आरंभाची तारीख पुढे एकदोनदा सरकली आणि शेवटी पूर्ण सेकंद आणि १ जानेवारी १९७० ही जोडी कायम झाली. चिन्हासकट बत्तीस बिटांत २,१४,७४,८३,६४७ सेकंद मावतात. ते १९ जानेवारी २०३८ ला आपल्या घड्याळात सकाळी ८ वाजून ४४ मिनिटं ७ सेकंदांनी संपतील. पुढच्या सेकंदाला जुना प्रोग्रॅम १९०१ च्या डिसेंबरात जाऊन पडेल.

हे दूरचं वाटतं, पण आमच्या कक्षात त्याचा परिणाम आजच आहे, आणि तो तुम्ही दाखवला नसता तर आम्हाला दिसला नसता. युनिक्सच्या बीएसडी शाखेतल्या ओपनबीएसडीने ५.५ या आवृत्तीत, २०१४ मध्ये, बत्तीस बिटांच्या मशीनवरही वेळ चौसष्ट बिटांची केली. नेटबीएसडीने ते त्याआधीच ६.० मध्ये केलं होतं. त्यांना ते जमलं कारण बीएसडीमध्ये कर्नल (सिस्टिमचा गाभा), लायब्ररी आणि मूळ कमांड एकाच झाडावर वाढतात. सगळं एकदम बदलून एकदम बांधता येतं. लिनक्सची घडण निराळी. कर्नल एकांचा, सी लायब्ररी दुसऱ्यांची, त्यांची मोट बांधणारे तिसरेच. आणि जुने प्रोग्रॅम मोडायचे नाहीत हा कर्नलचा दंडक. त्यामुळे कर्नल ५.६ मध्ये २०२० साली तयारी झाली, जीलिबसी या सी लायब्ररीत २०२१ साली, आणि डेबियन १३ ने एआरएम प्रोसेसरांच्या बत्तीस बिटांसाठी बदल केला. इंटेलच्या बत्तीस बिटांचं आय३८६ मात्र जुन्या बायनरी प्रोग्रॅमांसाठी जसंच्या तसं ठेवलं, आणि त्याचा इन्स्टॉलर आणि कर्नल देणंही थांबवलं. ज्यांचा प्रोसेसर खरोखर बत्तीस बिटांचा आहे, त्यांनी डेबियन १२ वर थांबायचं किंवा नेटबीएसडीकडे वळायचं.

‘खरोखर’ हा शब्द तुम्ही वहीत दोनदा अधोरेखित केलाय. मशीनवर बत्तीस बिटांचं विंडोज होतं म्हणजे प्रोसेसरही तसलाच, असं धरून लोक चांगली मशीन भंगारात काढतात. कोअर टू ड्युओ चौसष्ट बिटांचाच आहे. ॲटम एन२७० सारखे नेटबुकमधले प्रोसेसर मात्र नाहीत. पेनड्राइव्हवरून लाइव्ह सिस्टिम चालू करून एलएससीपीयू टाइप करायचं. ऑप-मोडच्या ओळीत ६४ दिसलं की प्रश्न मिटला. दोन जीबी रॅमवर एलएक्सक्यूटी किंवा एक्सएफसीई हा हलका डेस्कटॉप घ्यावा, ग्नोम नको.

डिस्कमधला सापळा याहून लपलेला आहे. लिनक्सच्या एक्स्ट४ फाइलसिस्टिममधला इनोड, म्हणजे फाइलची तारीख वगैरे ठेवणारा कप्पा, १२८ बाइटचा असेल तर त्यात २०३८ पुढची तारीख मावत नाही. २५६ चा असेल तर जादा बिटांमुळे २४४६ पर्यंत जाते. प्रोसेसर चौसष्ट बिटांचा असला तरी यातून सुटका नाही. जुन्या एक्स्ट३ वरून बदललेल्या डिस्का आणि पाचशे एमबीच्या आतली छोटी बूट पार्टिशनं यांत हे सापडतं. डीमेसेजमध्ये ‘२०३८ पर्यंतचेच टाइमस्टँप चालतील’ अशी ओळ कर्नल स्वतःच लिहितो, ती कोणी वाचत नाही एवढंच. ट्यून-टू-एफएसला ‘वजा एल’ देऊन इनोड साइजची ओळ बघावी. फ्लेक्स-बीजी ही सोय चालू असलेल्या फाइलसिस्टिमवर इनोडचा आकार जागच्या जागी वाढवता येत नाही, म्हणून बॅकअप, नवं फॉरमॅट, परत भरणं, हाच मार्ग.

इन्स्टॉलेशनबद्दल थोडक्यात लिहितो, कारण त्यावर मजकूर सगळीकडे मिळतो. उतरवलेल्या आयएसओ फाइलची शा-२५६ पडताळणी-बेरीज जुळवल्याशिवाय पेनड्राइव्ह बनवायचा नाही. पेनड्राइव्हवर लिहिणारी डीडी चालवण्याआधी डिस्कांची यादी दाखवणारं एलएसबीएलके बघायचं, कारण एसडीए आणि एसडीबी यांतल्या एका अक्षराने डिस्क पुसली जाते. लिहायचं ते अख्ख्या एसडीबीवर, एसडीबी१ वर नाही; नाहीतर बूटच होत नाही. कन्व्ह-एफसिंक द्यायचं, कारण ते नसेल तर डीडी काम संपल्याचं सांगतो तेव्हा डेटा अजून रॅममध्येच असतो आणि उपटलेला पेनड्राइव्ह अर्धवट राहतो. वायफायचं फर्मवेअर २०२३ च्या डेबियन १२ पासून इन्स्टॉलरमध्येच येतं. तरी काही जुन्या ब्रॉडकॉम कार्डांचं वेगळं उतरवावं लागतं, तेव्हा फोन यूएसबीने जोडून टेदरिंग करावं. आणि जुन्या डिस्कवर काही टाकण्याआधी तिची तब्येत सांगणारं स्मार्टसीटीएल चालवायचं. ५ आणि १९७ क्रमांकाचे कच्चे (रॉ) आकडे शून्यापलीकडे असतील तर डिस्कवर भरवसा ठेवायचा नाही. फक्त १९९ वाढत असेल तर डिस्क ठीक आहे, साटा केबल बदला. या एका ओळीने कक्षातल्या चांगल्या डिस्का वाचल्यात.

यूएसआर फोल्डरचं कोडंही तुमच्यामुळेच सुटलं. बेल लॅब्जमधल्या पीडीपी-११ ची पहिली डिस्क भरली म्हणून सिस्टिमच्या फाइली दुसऱ्या डिस्कवर, जिथे वापरणाऱ्यांचे फोल्डर होते तिथे, सांडल्या. त्यातून कमांडना बिन आणि यूएसआर-बिन अशी दोन घरं झाली आणि दशकानुदशकं तशीच राहिली. डेबियन १२ मध्ये ती एकत्र असणं सक्तीचं आहे. म्हणून जुन्या डेबियनवरून वर चढताना यूएसआरमर्ज हे पॅकेज कधी कधी मध्येच थांबतं आणि म्हणतं, दोन्हीकडे त्याच नावाची फाइल आहे. बहुतेकदा ती कोणीतरी हाताने बिनमध्ये टाकलेली स्क्रिप्ट असते. ती यूएसआर-लोकल-बिनमध्ये हलवायची आणि अपग्रेड पुन्हा चालू करायचं.

मुलांनी सगळ्यात जास्त प्रश्न विचारले ते मात्र लायसन्सच्या इतिहासावर, आणि तुम्हीही त्याला भरपूर वेळ दिलात. १९५६ च्या सरकारी तडजोडीमुळे एटीअँडटीला टेलिफोनखेरीज धंदा करता येत नव्हता. म्हणून युनिक्स विद्यापीठांना थोडक्या पैशांत सोर्ससकट मिळालं. बर्कलेत बिल जॉय आणि इतरांनी त्यावर बीएसडी उभारलं. नेटवर बोलण्याचे टीसीपी-आयपी नियम आणि सॉकेटची पद्धत १९८३ च्या ४.२ बीएसडीने पसरवली; आज ती प्रत्येक फोनमध्ये आहे. पण १९७९ च्या सातव्या आवृत्तीबरोबर सोर्स वर्गात शिकवायलाच बंदी आली. शिकवायला काही उरलं नाही म्हणून अँड्र्यू टॅनेनबॉमनी १९८७ मध्ये मिनिक्स ही शिकवण्यासाठीची छोटी सिस्टिम लिहिली. तिकडे रिचर्ड स्टॉलमननी सप्टेंबर १९८३ मध्ये ग्नू ही युनिक्ससारखी मुक्त सिस्टिम जाहीर केली होती. कंपायलर, एडिटर, शेल तयार झाले, कर्नल तेवढा रेंगाळला. मिनिक्स वापरणाऱ्या लिनस टोरवाल्ड्सनी २५ ऑगस्ट १९९१ ला मिनिक्सच्याच चर्चागटात आपला कर्नल, म्हणजे पुढचं लिनक्स, जाहीर केला आणि ती रिकामी जागा भरून निघाली.

इथे तुम्ही थांबून विचारलंत, बीएसडी तर तयार होतं, मग लिनक्सच का पसरलं? कारण १९९२ मध्ये एटीअँडटीच्या युनिक्स कंपनीने बर्कलेच्या कोडवरून दावा लावला आणि १९९४ पर्यंत बीएसडीवर टांगती तलवार राहिली. तडजोडीत सुमारे अठरा हजार फाइलींपैकी फक्त तीन काढाव्या लागल्या. तेवढ्यासाठी दोन वर्षं गेली, आणि नेमकी त्याच दोन वर्षांत ३८६ प्रोसेसरची मशीन घरोघरी पोचली. ३८६ बीएसडी आधी हाताशी असतं तर लिनक्स बहुधा झालंच नसतं, असं टोरवाल्ड्स स्वतः म्हणाले आहेत. फ्रीबीएसडी आणि नेटबीएसडी १९९३ चे, त्याच वर्षी ऑगस्टमध्ये इयन मर्डॉकनी डेबियन सुरू केलं.

त्याच ओघात तुम्ही सांगितलेली एक गोष्ट आम्हाला फार मोलाची वाटते. लिनक्सच्या पहिल्या लायसन्समध्ये वाटपासाठी पैसे घ्यायलाच मनाई होती, अगदी फ्लॉपीच्या खर्चाचेही. १९९२ च्या सुरुवातीला ०.१२ आवृत्तीबरोबर ते ग्नूच्या जीपीएल लायसन्सवर गेलं आणि प्रत विकणं मोकळं झालं, फक्त सोर्सही द्यायचा एवढी अट राहिली. नव्वदच्या दशकात डायलअपवर सीडीभर डेटा उतरवणं पुण्यात कोणाला परवडणार होतं? पीसीक्वेस्ट मासिकासोबत सीडी आली म्हणून लिनक्स इथल्या वसतिगृहांत पोचलं. ती सीडी लायसन्समधल्या त्या बदलाशिवाय शक्य नव्हती. आज आम्ही मुलांना पेनड्राइव्हवर डेबियन देतो तेव्हा सोर्स कुठून मिळतो तेही त्यांना दाखवतो, ते यामुळेच.

एका कमांडचं उत्तर पुढच्या कमांडला देणाऱ्या पाइपचा धडा मुलांनी आमच्याच देवघेव नोंदींवर गिरवला. डग मॅकिलरॉय यांची कल्पना थॉम्प्सननी १९७३ मध्ये अमलात आणली. कट-ने पुस्तक क्रमांकाचा रकाना काढायचा, सॉर्ट, मग युनिक वजा सी, मग सॉर्ट वजा आरएन; सर्वाधिक वाचली गेलेली पुस्तकं वर येतात. मधला पहिला सॉर्ट गाळला की आकडे चुकतात, कारण युनिक फक्त लगतच्या ओळी ताडून बघतो. प्रोसेसला ६४ केबी मेमरी मिळायची त्या काळात मागची एकच ओळ लक्षात ठेवणारा प्रोग्रॅम हीच चैन होती.

मराठीच्या बाबतीत तुमचे उपकार सगळ्यात जास्त. इनस्क्रिप्ट हा कळफलक आणि इस्की ही भारतीय लिप्यांची संकेतप्रणाली यांमागचं काम किती जवळ, सी-डॅकच्या जिस्ट गटात, आपल्या पुण्यात वाढलं, आणि युनिकोडचा देवनागरी तक्ता इस्कीवरून घेतला, हे सांगून तुम्ही ज्येष्ठांचा बुजरेपणा घालवलात. ‘दर्या’ आणि ‘दऱ्या’ यांतला फरक टाइप कसा करायचा हा तर रोजचा प्रश्न. इनस्क्रिप्टमध्ये साधा र जे या कळीवर आहे, ऱ शिफ्ट धरून त्याच कळीवर. म्हणून दऱ्यासाठी क्रम असा: ओ, शिफ्ट-जे, डी, तिरकी रेघ, ई. शिफ्ट विसरलं की दऱ्याखोऱ्यांचा दर्या होतो. मराठी वळणाचे ल आणि श हवे असतील तर नोटो सान्स देवनागरी घ्यावा आणि लिबरऑफिसमध्ये कॉम्प्लेक्स लिपीची भाषा मराठी ठेवावी. ती हिंदी राहिली तर फाँट असूनही हिंदी वळण उमटतं, कारण फाँट भाषेची खूण बघूनच अक्षर निवडतो.

जुन्या डीटीपी फाँटांतली सूची लिनक्सवर उघडली की इंग्रजी अक्षरांचा गोंधळ दिसतो. फाइल खराब झालेली नसते. त्या फाँटांनी इंग्रजी अक्षरांच्या जागी देवनागरी चित्रं बसवली होती. कन्व्हर्टरने युनिकोड करता येतं, पण जुन्या पद्धतीत पहिली वेलांटी अक्षराच्या आधी आणि रफार नंतर टाइप होत असे, म्हणून चुका नेमक्या तिथेच राहतात. ‘स्थिती’, ‘कार्यकर्ती’, ‘शक्ति’ असे जोडाक्षरी शब्द शोधून शोधून तपासायचे, बाकी मजकूर वरवर चाळला तरी चालतो. अख्खी सूची पुन्हा टाइप करण्याची वेळ आमच्यावर आली नाही, ती या एका सूचनेमुळे.

सर, कक्षातल्या सगळ्या डिस्कांचे इनोड तपासण्याचं काम सध्या चालू आहे. १२८ बाइटच्या जेवढ्या सापडतील त्यांची यादी आणि कोणती कधी फॉरमॅट करायची याचा क्रम लिहून पाठवतो. तेवढा नजरेखालून घालावा. ॲटमच्या नेटबुकांवर नेटबीएसडी टाकण्याची पानंही मुलांनी तुमच्याच वहीत, तुमच्याच पद्धतीने, आधी कारण आणि मग कमांड अशी लिहायला घेतली आहेत. मनापासून आभार.

आपले,
वाचनालयाच्या संगणक कक्षाचे कार्यकर्ते
सदाशिव पेठ, पुणे